विश्वासाचे भांडवल : डॉ. सुहास पाटील यांची उद्योगयात्रा

रायपूरची पुरानी बस्ती म्हणजे या शहराचे मूळ गाव. महामाया मंदिर, दूधाधारी मठ, जुने तलाव आणि त्यांच्या आधाराने वाढलेल्या अरुंद गल्ल्या यांनी हा भाग घडला आहे. या शहराशी मराठी माणसाचे नाते जुने आहे. १७४१ मध्ये भास्करपंतांच्या नेतृत्वाखाली नागपूरकर भोसल्यांचे सैन्य रतनपुरास आले. पुढे बिंबाजी भोसले यांनी छत्तीसगढचा कारभार प्रत्यक्ष येथे राहून पाहिला. राज्य गेले, तरी माणसे राहिली. तात्यापारा हे मोहल्ल्याचे नावच त्याची साक्ष देते. विसाव्या शतकात आलेली मराठी कुटुंबे मात्र तलवार किंवा दप्तर घेऊन आली नाहीत. रेल्वे, शाळा, बँका आणि १९५९ मध्ये पहिली झोतभट्टी पेटलेला भिलाईचा पोलाद कारखाना यांतील नोकरी घेऊन ती आली.

अशा घरांमध्ये मुलांच्या भवितव्याची एक ठरलेली वाट असते. चांगले शिक्षण, चांगली नोकरी, भविष्यनिर्वाह निधी आणि निवृत्तीनंतर स्वतःचे घर. ही वाट सन्मानाची आहे आणि आपल्या बँकेच्या असंख्य ठेवीदारांनी ती निष्ठेने चालून दाखविली आहे. परंतु याच घरांतून कधी तरी एखादा मुलगा किंवा मुलगी म्हणते, ‘मला स्वतःचा उद्योग सुरू करावयाचा आहे,’ आणि मग घर चिंतेत पडते. पैसा कोण देणार? बुडाला तर काय? आपल्याला त्यातले काय कळते? प्रस्तुत लेखात ज्यांची ओळख करून द्यावयाची आहे, ते डॉ. सुहास पाटील अशाच एका पोलादनगरीतील मराठी घरातून आले. उद्योजक, नंतर नवोदितांचे गुंतवणूकदार आणि शेवटी आपला वेळ व अनुभव समाजाला देणारे मार्गदर्शक, असा त्यांचा प्रवास आहे. घरातील या तिन्ही प्रश्नांवर त्यात विचार करण्याजोगे बरेच काही सापडते.

पोलादनगरीतील बालपण

सुहास पाटील यांचा जन्म १९४४ मध्ये जमशेदपूर येथे झाला. वडील टाटांच्या पोलाद कारखान्यात नोकरीस होते. जमशेदपूर तेव्हा बिहारमध्ये होते. आज ते झारखंडमध्ये आहे. छत्तीसगढ आणि झारखंड ही दोन्ही राज्ये २००० च्या नोव्हेंबरात अवघ्या दोन आठवड्यांच्या अंतराने अस्तित्वात आली, हा योगायोग येथे सहज आठवतो. भिलाईच्या सेक्टरांमध्ये वाढलेल्या आपल्या वाचकांना जमशेदपूरचे जीवन वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही. भोंग्यावर चालणारे घड्याळ, कंपनीचे घर, कंपनीची शाळा, कंपनीचे रुग्णालय, आणि देशाच्या सर्व प्रांतांतून आलेले शेजारी. अशा नगरीत मुलांना दोन गोष्टी सहज मिळतात. एक, यंत्राविषयीचे कुतूहल. आणि दुसरी, आपली भाषा घरी जपून बाहेर सर्वांमध्ये मिसळण्याची सवय. पुढे परदेशी निरनिराळ्या प्रांतांच्या, देशांच्या माणसांना एकत्र आणण्याचे जे कार्य पाटील यांनी केले, त्याचे बीज या सवयीत असावे असे वाटते.

शालेय शिक्षणानंतर त्यांनी खडगपूरच्या भारतीय तंत्रज्ञान संस्थेत प्रवेश घेतला. देशातील ही पहिली आयआयटी १९५१ मध्ये, पूर्वी जेथे स्वातंत्र्यसैनिकांना डांबले जाई त्या हिजलीच्या बंदिस्थानाच्या वास्तूत सुरू झाली होती. तेथून १९६५ मध्ये इलेक्ट्रॉनिक्स विषयातील पदवी घेऊन ते अमेरिकेतील एमआयटी या विख्यात संस्थेत गेले. १९६७ मध्ये पदव्युत्तर पदवी आणि १९७० मध्ये डॉक्टरेट त्यांनी तेथेच संपादन केली, आणि पुढे तेथेच ते अध्यापन करू लागले.

तीन माणसे आणि एक कोडे

संगणकशास्त्राच्या विद्यार्थ्यांना पाटील हे नाव उद्योजक म्हणून माहीत होण्याआधी एका कोड्यामुळे माहीत होते. १९७१ मध्ये त्यांनी मांडलेले हे कोडे आजही पाठ्यपुस्तकांत शिकविले जाते. ते थोडक्यात असे : एका टेबलाभोवती तीन माणसे बसली आहेत. सिगारेट वळण्यासाठी तंबाखू, कागद आणि काडेपेटी या तीन वस्तू लागतात. प्रत्येकाकडे यांपैकी एकाच वस्तूचा भरपूर साठा आहे. उरलेल्या दोन नाहीत. एक वाढपी दर वेळी कोणत्याही दोन वस्तू टेबलावर ठेवतो. ज्याच्याकडे तिसरी वस्तू आहे, त्यानेच त्या दोन्ही उचलावयाच्या. परंतु घाईने एकाने कागद उचलला आणि दुसऱ्याने काडेपेटी, तर कोणाचेच काम होत नाही. सारे एकमेकांची वाट पाहत अडून बसतात.

संगणकात एकाच वेळी अनेक कामे चालू असतात आणि ती मोजक्या साधनांसाठी एकमेकांशी झगडतात. अशी कामे अडून बसू नयेत म्हणून नेदरलँड्सचे शास्त्रज्ञ डाइक्स्ट्रा यांनी एक पद्धत शोधून काढली होती. त्या पद्धतीच्या मर्यादा दाखविण्यासाठी पाटील यांनी हे कोडे रचले. पुढे १९७५ मध्ये डेव्हिड पार्नास यांनी त्यावर आक्षेप घेतला. पाटील यांनी घातलेल्या अटी फार कडक आहेत, त्या सैल केल्यास कोडे सुटते, असे त्यांनी दाखविले. विद्वानांचा तो वाद आपण बाजूला ठेवू. उद्योगाच्या दृष्टीने पाहता मात्र हे कोडे मोठे अर्थपूर्ण वाटते. समाजात एकाकडे कल्पना असते, दुसऱ्याकडे पैसा असतो, तिसऱ्याकडे अनुभव असतो. तिघेही एकाच शहरात, कधी एकाच गल्लीत राहतात. तरीही योग्य वस्तू योग्य माणसापुढे, योग्य वेळी ठेवणारा कोणी नसेल, तर तिघेही हात बांधून बसतात. पाटील यांचे पुढील आयुष्य पाहिले, तर ते प्रथम त्या टेबलाभोवती बसलेला कल्पनेचा धनी होते आणि नंतर वस्तू मांडून देणारा वाढपी झाले, असे म्हणता येईल.

प्राध्यापकाचा उद्योजक

१९७५ मध्ये पाटील युटा विद्यापीठात रुजू झाले. तेथे त्यांनी सिलिकॉन चिपच्या रचनेसंबंधी महत्त्वाचे संशोधन केले. त्या काळी एखादी गुंतागुंतीची चिप तयार करावयाची तर अभियंत्यांना तिचा सूक्ष्म आराखडा मोठ्या कष्टाने रेखाटावा लागे आणि त्यात प्रदीर्घ काळ जाई. पाटील यांनी एक नवी मांडणी सुचविली. तीत माहिती साठविणारे भाग आणि तर्कक्रिया करणारे भाग एकाच जाळीदार रचनेत बसविले जात. घर बांधताना प्रत्येक वीट वेगळी घडविण्याऐवजी ठराविक मापाच्या विटा आणि चौकटी वापराव्या, तसाच हा प्रकार. त्यामुळे रचनेचे काम झपाट्याने होऊ शकत होते.

ही कल्पना विद्यापीठाच्या ग्रंथालयात एक शोधनिबंध होऊन पडून राहू शकली असती. प्राध्यापकाची कायम नोकरी, मान आणि स्वास्थ्य हाती असताना ती सोडून बाजारात उतरणे हा कोणत्याही मध्यमवर्गीय घराला धाडसाचा वाटावा असा निर्णय होता. पाटील यांनी तो घेतला. १९८१ मध्ये सॉल्ट लेक सिटी येथे त्यांनी ‘पाटील सिस्टिम्स’ ही कंपनी स्थापन केली. कंपनीला आपले आडनाव देणे म्हणजे तिच्या यशापयशाशी घराण्याची अब्रू बांधणे होय.

आरंभीची वर्षे सोपी नव्हती. तंत्र चांगले असणे आणि त्यातून विकता येईल असा माल निर्माण होणे यांत मोठे अंतर असते. शिवाय सॉल्ट लेक सिटी हे भांडवल आणि ग्राहक या दोहोंपासून दूर होते. संगणकउद्योगाचे केंद्र कॅलिफोर्नियातील सिलिकॉन व्हॅली येथे होते, आणि नव्या कंपन्यांत जोखमीचा पैसा घालणारे गुंतवणूकदारही मुख्यत्वे तेथेच होते. १९८४ मध्ये कंपनी तेथे हलली आणि तिने नवे नाव धारण केले, ‘सिरस लॉजिक’. सिरस हा आकाशात अतिशय उंचावर पसरणाऱ्या, पिसासारख्या ढगांचा प्रकार आहे. संस्थापकाचे आडनाव पुसले गेले, पण त्या जागी व्यापक होऊ शकणारे नाव आले.

खुर्ची सोडण्याचे धैर्य

या कथेतील सर्वांत कठीण निर्णय यानंतरचा आहे. भांडवल पुरविणाऱ्यांची अपेक्षा अशी असते की कंपनीचा कारभार ज्याने मोठे व्यवसाय चालविले आहेत अशा माणसाच्या हाती असावा. १९८५ च्या आरंभी चिप-उद्योगातील अनुभवी व्यवस्थापक माइक हॅकवर्थ यांच्याकडे मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याचे पद सोपविण्यात आले. पाटील कंपनीचे अध्यक्ष राहिले आणि त्यांनी आपले लक्ष तंत्रज्ञानावर केंद्रित केले.

आपल्याकडील कौटुंबिक व्यवसायांत ही गोष्ट किती अवघड असते, याचा अनुभव बँकेच्या अनेक शाखाधिकाऱ्यांना असेल. दुकान वाढते, कारखाना वाढतो. पण सर्व किल्ल्या एकाच कमरेला लटकत राहतात, आणि मालक आजारी पडला की व्यवहार थांबतो. स्वतः उभारलेल्या संस्थेची सूत्रे, आपल्याहून त्या कामात अधिक कुशल असलेल्या माणसाच्या हाती देणे, याला केवळ व्यवहारज्ञान पुरत नाही. मनाचा मोठेपणा लागतो. पाटील यांनी तो दाखविला आणि कंपनीला त्याचे फळ मिळाले. संगणकातील हार्ड डिस्कचे नियंत्रण करणाऱ्या, पडद्यावर चित्र उमटविणाऱ्या आणि आवाज देणाऱ्या चिप्स ‘सिरस’ बनवू लागली. जून १९८९ मध्ये तिने अमेरिकेच्या नॅस्डॅक बाजारात समभागांची पहिली सार्वजनिक विक्री केली. १९९० च्या दशकात आपल्या कार्यालयांत आणि घरांत जे पहिले रंगीत पडद्याचे संगणक आले, त्यांतील अनेकांच्या आत ‘सिरस लॉजिक’ हे नाव छापलेली चिप होती. ती कंपनी एका मराठी माणसाने स्थापन केली आहे, हे मात्र फारच थोड्यांना ठाऊक होते.

या यशामागील एक विचार समजून घेण्यासारखा आहे. चिप बनविण्याचा स्वतःचा कारखाना उभारण्यास प्रचंड पैसा लागतो. ‘सिरस’ने रचना, विक्री आणि ग्राहकसेवा स्वतःकडे ठेवली आणि प्रत्यक्ष उत्पादन इतरांच्या कारखान्यांत करवून घेतले. अशा रीतीने चालणाऱ्या आरंभीच्या कंपन्यांमध्ये तिची गणना होते. आज जगातील कित्येक मोठ्या चिप-कंपन्या याच पद्धतीने काम करतात. थोड्या भांडवलात मोठे काम करण्याची ही युक्ती होती.

चढानंतरचा उतार

उद्योजकांच्या गौरवकथांमध्ये पुष्कळदा पुढचा भाग सांगितला जात नाही. बँकेच्या ग्राहकांनी तो अवश्य वाचावा. १९९० च्या दशकाच्या मध्यास ‘सिरस’ची वार्षिक विक्री १ अब्ज डॉलरच्या वर गेली. मागणी इतकी वाढली की बाहेरचे कारखाने वेळेवर माल देतील की नाही, याची चिंता वाटू लागली. म्हणून कंपनीने आपला मूळ मार्ग काही अंशी बदलला आणि आयबीएम व ल्यूसेंट या बलाढ्य कंपन्यांबरोबर भागीदारीत उत्पादनाच्या कारखान्यांत पैसा घातला. नेमक्या याच सुमारास संगणकाच्या चित्र-चिप्सचा बाजार पालटला. स्पर्धा तीव्र झाली आणि किमती घसरल्या. विक्री घटली, पण कारखान्यांचा बांधील खर्च घटला नाही. १ अब्ज डॉलरची विक्री करणाऱ्या कंपनीला तोटा सोसावा लागला, अनेक उत्पादने बंद करावी लागली आणि माणसेही कमी करावी लागली.

पुढे कंपनीने कारखान्यांतील गुंतवणूक काढून घेतली, आपले लक्ष आवाजाशी संबंधित चिप्सवर केंद्रित केले आणि मुख्यालय टेक्सास राज्यातील ऑस्टिन येथे नेले. भ्रमणध्वनीच्या युगात या निर्णयाचे चीज झाले. २०२२ मध्ये संपलेल्या आर्थिक वर्षात कंपनीची विक्री १.७ अब्ज डॉलरपेक्षा अधिक होती. तथापि तिच्या उत्पन्नाचा फार मोठा भाग अ‍ॅपल या एकाच ग्राहकाकडून येतो आणि ही बाब कंपनी आपल्या भागधारकांपुढे दरवर्षी जोखीम म्हणून नमूद करते.

यातून दोन गोष्टी स्पष्ट होतात. भरभराटीच्या दिवसांत अंगावर घेतलेला बांधील खर्च मंदीच्या दिवसांत गळ्याशी येतो. आणि एकाच ग्राहकावर विसंबलेला व्यवसाय कितीही मोठा असला तरी निर्धास्त नसतो. कर्जाचा अर्ज पाहताना बँकेचा अधिकारी याच दोन गोष्टी खोदून खोदून का विचारतो, हे यावरून ध्यानी यावे.

देणाऱ्याच्या भूमिकेत

१९८० च्या दशकात सिलिकॉन व्हॅलीत भारतीय अभियंते पुष्कळ होते. त्यांच्या बुद्धीबद्दल कोणालाही शंका नव्हती. परंतु कंपनी चालविण्याची जबाबदारी त्यांच्यावर टाकण्यास गुंतवणूकदार कचरत असत. चांगला अभियंता म्हणजे चांगला व्यवस्थापक नव्हे, असा समज होता. ज्यांनी ही भिंत ओलांडली, ते मोजके होते. त्यांत पाटील होते; ‘एक्सेलान’ कंपनीचे संस्थापक आणि आयआयटी मुंबईचे विद्यार्थी कंवल रेखी होते; प्रभू गोयल होते. आपल्याला जे अडथळे एकट्याने पार करावे लागले, ते पुढच्यांना तितक्याच एकाकीपणे पार करावे लागू नयेत, हा विचार या मंडळींच्या मनात होता.

१९९२ मध्ये त्याला निमित्त मिळाले. भारत सरकारच्या इलेक्ट्रॉनिक्स विभागाचे तत्कालीन सचिव एन. विठ्ठल यांच्या भेटीसाठी काही भारतीय उद्योजक जमले होते. त्यांच्या विमानास विलंब झाला आणि वाट पाहता पाहता या मंडळींत जी बोलणी झाली, त्यांतून संघटनेची कल्पना पुढे आली, असे सांगितले जाते. ‘द इंडस आंत्रप्रेन्युअर्स’ अर्थात ‘टाय’ या नावाने ती संस्था स्थापन झाली आणि डॉ. सुहास पाटील तिचे पहिले अध्यक्ष झाले. नावात ‘इंडस’ म्हणजे सिंधू नदी आहे. देशाच्या सीमांपलीकडे, सिंधूच्या संस्कृतीशी नाते सांगणाऱ्या सर्वांना तीत स्थान असावे, हा त्यामागील हेतू. जमशेदपूरच्या वसाहतीत सर्व प्रांतांच्या शेजारात वाढलेल्या मुलाला ही व्यापक दृष्टी परकी नसणार.

‘टाय’ची कार्यपद्धती साधी आहे. जे उद्योगात यशस्वी झाले आहेत, ते सनदी सदस्य होतात, वर्गणी देतात आणि त्याहून मोलाचे म्हणजे आपला वेळ देतात. नवोदित उद्योजक आपली कल्पना घेऊन त्यांच्याकडे येतो. ते तिची चिकित्सा करतात, उणिवा दाखवितात, योग्य माणसांची गाठ घालून देतात. कोणाला वाटले तर तो स्वतःचा पैसाही घालतो. पण मार्गदर्शनाच्या मोबदल्यात काही मागावयाचे नाही, हा संकेत. संस्था ना-नफा तत्त्वावर चालते. आज तिच्या पन्नासहून अधिक शाखा जगभर आहेत आणि मुंबई, पुणे, नागपूर येथील उद्योजकही तिच्याशी जोडले गेले आहेत.

पाटील यांनी स्वतः अनेक नव्या कंपन्यांत आरंभीच्या टप्प्यावर गुंतवणूक केली. ‘क्रेडल टेक्नॉलॉजीज’ या चिप-रचनेच्या कंपनीचे नेतृत्वही केले. अशा गुंतवणुकीचे स्वरूप वाचकांनी नीट ध्यानात घ्यावे. तीत निश्चित परताव्याचे आश्वासन नसते. कंवल रेखी यांनी १९९० च्या दशकात दोन भारतीय तरुणांच्या ‘एक्झोडस कम्युनिकेशन्स’ या कंपनीला आरंभीचा हात दिला. ती १९९८ मध्ये शेअर बाजारात आली, तिचे मूल्य गगनाला भिडले आणि २००१ मध्ये तिने दिवाळखोरी जाहीर केली. अवघ्या तीन वर्षांत दोन्ही टोके! म्हणूनच असा पैसा केवळ बुडाला तरी संसार अडणार नाही इतकाच असावा. निवृत्तीची पुंजी किंवा मुलीच्या शिक्षणासाठी ठेवलेली रक्कम यासाठी नसते.

दानाचे दुसरे रूप

दान म्हटले की आपल्यापुढे धर्मशाळा, पाणपोई, देवळाचा कळस किंवा गरजूंना वह्या-पुस्तके येतात. हे सर्व पुण्यकर्मच आहे. पाटील यांच्या पिढीतील उद्योजकांनी त्याला एक जोड दिली. दुसऱ्याला कमावते करणे, हेही दान होय. प्रभू गोयल आणि त्यांच्या पत्नी पूनम यांनी १९९४ मध्ये स्थापन केलेल्या ‘फाउंडेशन फॉर एक्सलन्स’ने भारतातील हुशार पण गरीब विद्यार्थ्यांना शिष्यवृत्त्या दिल्या. कंवल रेखी यांच्या देणगीतून आयआयटी मुंबईत माहिती तंत्रज्ञानाचे अध्ययन केंद्र उभे राहिले. पाटील यांचे सर्वांत मोठे दान म्हणजे ‘टाय’ची ती परंपरा होय, जिच्यात आज मदत घेणारा उद्या मदत देणारा होतो.

हाच धागा महाराष्ट्रातही दिसतो. पुण्याच्या ‘पर्सिस्टंट सिस्टिम्स’चे संस्थापक डॉ. आनंद देशपांडे हेही खडगपूरच्याच आयआयटीचे, १९८४ चे पदवीधर. त्यांचे बालपण भोपाळ येथे, म्हणजे आपल्या जुन्या मध्य प्रदेशच्याच राजधानीत गेले. वडील तेथील ‘भेल’च्या कारखान्यात नोकरीस होते. अमेरिकेत डॉक्टरेट आणि नोकरी करून ते परतले आणि १९९० मध्ये त्यांनी पुण्यात कंपनी स्थापन केली. २०१० मध्ये तिचे समभाग बाजारात आले आणि २०२२-२३ मध्ये तिचे वार्षिक उत्पन्न १ अब्ज डॉलरपलीकडे गेले. २०२० पासून मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याचे पद त्यांनी संदीप कालरा यांच्याकडे सोपविले आहे. देशपांडे दाम्पत्याने ‘दे आसरा’ ही ना-नफा संस्था सुरू केली. खाणावळ, शिवणकाम, ब्युटी पार्लर, छोटे दुकान असे लहान व्यवसाय सुरू करणाऱ्यांना नोंदणी, परवाने, हिशेब, कर्जाचा प्रस्ताव आणि विक्री यांबाबत ती मार्गदर्शन करते. सिलिकॉन व्हॅलीतील चिप आणि पुण्यातील खाणावळ यांत फरक मोठा असला तरी अडचण एकच आहे : तिघांच्या टेबलावरील दोन वस्तू कोणी तरी मांडून द्यावयाच्या आहेत.

आपल्या गल्लीतले टेबल

या शहराच्या इतिहासातही एक उदाहरण आहे. पं. माधवराव सप्रे या मराठी भाषक विद्वानाने १९०० मध्ये पेंड्रा येथून ‘छत्तीसगढ मित्र’ हे हिंदी मासिक सुरू केले. ध्येय उदात्त होते, लेखणी समर्थ होती. परंतु आर्थिक नुकसानीमुळे तीन वर्षांतच मासिक बंद पडले. सप्रे यांचे नाव हिंदी साहित्यात अजरामर झाले, रायपूरने त्यांच्या नावाची शाळा उभारली. तरीही कल्पना आणि कष्ट असूनही भांडवल आटले की काय होते, याची खंत या प्रदेशाला ठाऊक आहे.

आज परिस्थिती बदलली आहे. २००० मध्ये भारत सरकार आणि सिडबी यांनी सूक्ष्म व लघु उद्योगांसाठी पतहमी न्यास स्थापन केला. त्यामुळे पात्र उद्योगाला तारण किंवा तिसऱ्या व्यक्तीची हमी न घेता कर्ज देणे बँकांना शक्य झाले. एप्रिल २०१५ मध्ये प्रधानमंत्री मुद्रा योजना आली. तीत शिशु गटात ५० हजार रुपयांपर्यंत, किशोर गटात ५ लाखांपर्यंत आणि तरुण गटात १० लाखांपर्यंत कर्जाची सोय आहे. तरुण गटातील कर्ज ज्यांनी व्यवस्थित फेडले, त्यांच्यासाठी २०२४ मध्ये ही मर्यादा २० लाखांपर्यंत वाढविण्यात आली. एप्रिल २०१६ मध्ये सुरू झालेल्या स्टँड-अप इंडिया योजनेने महिला आणि अनुसूचित जाती-जमातींतील उद्योजकांकडे लक्ष वेधले.

तरीही एक भेद विसरून चालणार नाही. बँकेचे कर्ज ठेवीदारांच्या घामाच्या पैशातून दिले जाते. धंदा चालो वा न चालो, हप्ता तारखेला यावाच लागतो. गुंतवणूकदाराचे भागभांडवल मात्र नफ्यात आणि नुकसानीत बरोबरीने सहभागी असते. ज्या कल्पनेचा बाजार अजून सिद्ध व्हावयाचा आहे, तिला प्रथम स्वतःची बचत, आप्तांचा आधार आणि जाणत्या गुंतवणूकदाराचे भांडवल हवे. ग्राहक ठरले, विक्री दिसू लागली, की मग यंत्रासाठी आणि खेळत्या भांडवलासाठी कर्ज शोभते. हा क्रम उलटा झाला तर उद्योजक आणि बँक दोघेही अडचणीत येतात. पाटील यांच्या कंपनीलाही प्रथम जोखीम घेणारे भांडवल लाभले, हे ध्यानात ठेवावे.

आणि तिसरी वस्तू म्हणजे अनुभव. ती कोणत्याही योजनेच्या अर्जातून मिळत नाही. भिलाईच्या कारखान्यातून निवृत्त झालेला अभियंता, रेल्वेच्या लेखा विभागात आयुष्य घालविलेले गृहस्थ, चाळीस वर्षे पुरानी बस्तीत किराणा दुकान चालविलेल्या काकू, शाखेतून निवृत्त झालेले आपलेच सहकारी, यांच्याकडे हा साठा भरपूर आहे. मालाचा भाव कसा लावावा, उधारी किती द्यावी, वस्तू व सेवा कराचे विवरण वेळेवर कसे भरावे, कोणत्या ऋतूत पैसा अडकतो, हे सारे त्यांना तोंडपाठ असते. आठवड्यातील एक संध्याकाळ त्यांनी मोहल्ल्यातील एखाद्या नवोदिताला दिली, तर तीही गुंतवणूकच ठरेल. आणि तीत बुडण्याची भीती अजिबात नाही.

म्हणून घरातील तरुणाने उद्योगाचा विचार बोलून दाखविला, तर त्याला प्रथम तीन प्रश्न विचारावेत. तुझी वस्तू कोण विकत घेणार? नुकसान झाले तर ते किती आणि कोणाचे? आणि हे काम तुझ्याआधी ज्याने केले आहे, अशा कोणाशी तू बोललास का? पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे त्याने द्यावयाची आहेत. तिसऱ्याचे उत्तर बहुधा आपल्यापाशीच असते. जमशेदपूरच्या त्या मुलाने परदेशी जाऊन जे टेबल मांडले, ते मांडण्यासाठी सिलिकॉन व्हॅलीच हवी असे नाही. कर्जाच्या अर्जासाठी शाखेची दारे उघडी आहेतच. अनुभवाच्या दारावरची कडी मात्र आपण सर्वांनी मिळून काढावयाची आहे.